याला अर्थ न्हाई

माझे वडील नगर जिल्ह्यातल्या बेलापुरात साऊंड सर्व्हिस चालवतात. लग्न असो, सप्ताह असो, दशक्रिया असो नाहीतर ग्रामपंचायतीची निवडणूक, माईक आमच्याच घरचा. गाव त्यांना नाना म्हणतं, म्हणून मीही नानाच म्हणते. मी स्वतः टीव्हीच्या मालिकांना आणि काही चमत्कारिक सिनेमांना संगीत देते. 'पोरगी संगीत देते' असं आईने पहिल्यांदा शेजारच्या काकूंना सांगितलं, तेव्हा त्यांनी विचारलं, "म्हंजी कुनाला देती?" आईने भाकरी थापता थापता उत्तर दिलं, "ज्यांच्याकडं न्हाई त्यांना." एवढं चांगलं उत्तर मला अजून कुठल्या मुलाखतीत सुचलेलं नाही.

गेल्या काही वर्षांत नानांचे कान जायला लागले. त्यांनी माझ्या मालिका पाहिल्या होत्या, पण ज्या कामात माझा जीव आहे ते काम त्यांच्या कानावर कधी पडलंच नव्हतं. कान आहेत तोवर ते एकदा त्यांना नीट ऐकवायचं, हे माझ्या मनाने घेतलं. मी हट्टी आहे. हा हट्ट मला कुठून मिळाला हे आमच्या घरी सगळ्यांना माहीत आहे, फक्त नानांना मान्य नाही.

माझं बालपण कर्ण्यांच्या सोबतीत गेलं. दुकानात भिंतीला लावलेले मोठे कर्णे, जमिनीवर वायरींची वेटोळी, आणि मध्ये स्टुलावर बसून अँप्लिफायरच्या पोटात तोंड घातलेले नाना. त्यांचा जन्माचा एकच वैरी होता, तो म्हणजे घूं. सेट चालू केला की भाषणामागून, भजनामागून जो बारीक घूंऽऽ येत राहतो, तो. लोकांच्या तो ध्यानातही येत नसे. नाना मात्र जेवत्या ताटावरून उठून त्याच्या मागे लागायचे. लग्नात नवरदेव पारावर येऊन थांबलेला असायचा, भटजी घड्याळ दाखवायचे, वरबाप कावलेला असायचा, आणि नाना मांडवामागे उकिडवे बसून म्हणायचे, "थांबा जरा. याला अर्थ न्हाई."

अर्थ म्हणजे अर्थिंग. आमच्या दुकानात त्याला कुणी पूर्ण नावाने हाक मारत नसे. अर्थ नसला की सेट घूं करतो, हे नानांचं ठरलेलं निदान. मग मांडवामागे लोखंडी सळई ठोकायची, तिला वायर गुंडाळायची, भोवती मिठाचं पाणी ओतायचं आणि पायाने माती दाबायची. घूं गप्प झाला की नाना म्हणायचे, "घावला अर्थ." मग लग्न लागायचं.

त्यामुळे माझी शाळेत एकदा चांगलीच फजिती झाली. बाईंनी फळ्यावर एक अवघड शब्द लिहिला आणि विचारलं, "याचा अर्थ आपल्याला कुठे सापडेल?" त्यांना शब्दकोश असं उत्तर हवं असावं. मी मोठ्या आत्मविश्वासाने उभी राहिले आणि म्हणाले, "जमिनीत. पन वरून मिठाचं पानी वतावं लागतं." बाईंना वाटलं मी चेष्टा करतेय. त्यांनी मला वर्गाबाहेर उभं केलं. संध्याकाळी नानांना हे कळलं, तेव्हा ते हसून हसून स्टुलावरून पडायचे राहिले. पुढे कित्येक दिवस दुकानात येईल त्या गिऱ्हाईकाला ही गोष्ट सांगून मग त्याचं काम विचारत होते.

पेटी मी गावच्या भजनी मंडळात शिकले. मग पुण्यात शिकले, मग मुंबईत एका मोठ्या संगीतकारांकडे मदतनीस म्हणून लागले आणि हळूहळू मालिकांची कामं मिळू लागली. मालिकांचं संगीत म्हणजे काय हे ज्याला माहीत नाही त्याला थोडक्यात सांगते. सासूने मान वळवली की ढँण. सुनेच्या हातून ताट पडलं की ढँण, आणि ते घरातल्या प्रत्येकाने पाहिलं की माणसागणिक एकेक ढँण. एका मालिकेत एकत्र कुटुंब होतं. तिने मला बरीच वर्षं पोसलं.

मी या कामाला नाक मुरडत नाही. ढँणही चांगला आणि वाईट असतो. आईला तर माझा ढँण ओळखू येतो. मध्येच कुणी दुसऱ्याने भाग केला की तिचा फोन येतो, "आजचा तुझा न्हवता. तुझा जरा आत घुसतो." समीक्षकांनी माझ्याबद्दल जे काही लिहिलंय त्यात 'आत घुसतो' एवढं नेमकं काही नाही.

पण मन रमायचं ते दुसरीकडे. काही मित्र असे सिनेमे काढतात की ज्यांत फारसं काही घडत नाही आणि कुणी बोलत नाही. त्यांना मी जमेल त्या वस्तूचं संगीत करून देते. गुऱ्हाळाच्या कढईतल्या बुडबुड्यांचं केलंय, मुळा धरणाच्या गळक्या दाराचं केलंय. एकदा शिंगणापूरला दारं नसलेल्या घरांतून वारा कसा फिरतो ते टिपायला एका प्रसादवाल्याच्या घरी जाऊन राहिले. वारा पडलेला होता. शेवटी त्याच्या बायकोच्या मिक्सरचा आवाज घेऊन आले, आणि तोच सिनेमाभर वापरला. हे सिनेमे लांब कुठेतरी थंडगार हॉलमध्ये दाखवतात. बघायला जी मूठभर माणसं येतात त्यांतली निम्मी दिग्दर्शकाची नातेवाईक असतात. बेलापूरपर्यंत त्यांतलं काही पोचायचं कारणच नव्हतं.

नानांच्या कानांचं आधी आम्ही हसण्यावारी नेलं. आई स्वयंपाकघरातून म्हणायची, "साखर संपली," आणि नाना विचारायचे, "कोनतं वावर?" देवळातली घंटा झाली तरी आरतीला उशिरा पोचू लागले. टीव्हीचा आवाज शेजारच्या काकूंना त्यांच्या घरी बसून मालिका ऐकता येईल एवढा झाला. त्यांची त्याला हरकत नव्हती. शेवटी मी त्यांना श्रीरामपूरला कानाच्या डॉक्टरांकडे नेलं. डॉक्टर म्हणाले, "जन्मभर कर्ण्याजवळ उभे राहिलेत. वरचे आवाज आधी जातात. ते बरेच गेलेत. पुढे बाकीचंही कमी होत जाईल." कानात घालायचं यंत्र दिलं. नानांनी ते घरी आल्यावर डबीसकट कपाटात ठेवलं. "आता कानात माईक घालून हिंडू का?"

मुंबईला परत जाताना गाडीत बसून मी, सवयीने, नानांना आता ऐकू न येणारं एकेक वाद्य मनातल्या मनात बाजूला काढत गेले. बासरी गेली. घुंगरू गेले. झांज गेली. माझ्या व्हायोलिनचा वरचा अर्धा भाग गेला. कोकिळा गेली असणार, आणि ती आमच्या परसातल्या आंब्यावर दर वर्षी येते. ऐकवायचं तर आता, पुढच्या वर्षी म्हणून चालणार नाही, असं मी तेव्हाच ठरवलं.

त्याच सुमारास राहुरीचा माझा एक दिग्दर्शक मित्र नवा सिनेमा घेऊन आला. हा कृषी विद्यापीठाच्या क्वार्टरमध्ये वाढलेला, आईवडिलांच्या मते वाया गेलेला, आणि माझ्या मते फार गुणी माणूस. त्याने उसाच्या फडाकडेला उभी असलेली एक डीपी, म्हणजे शेतातल्या विजेची ती खांबावरची टाकी, दिवसभर चित्रित केली होती. लाईट यायची वाट बघत लोक तिच्यापाशी येतात, बसतात, तंबाखू मळतात, जातात. एक बाई पोराला झोपवते. मग लाईट येते, मोटारी चालू होतात, पाणी पडतं. संपला सिनेमा. त्यात एकही संवाद नव्हता.

याचं संगीत कशाचं करायचं हे मला पहिल्या क्षणी कळलं. डीपी घूं करते. मोटार घूं करते. विहिरीत वाकून ऐकलं तर पाणी चढताना पाईपही घूं करतो. मी हे सगळे घूं गोळा केले, त्यांच्याखाली पेटीचे अगदी तळाचे सूर धरले, आणि भजनी मंडळातल्या चार म्हाताऱ्यांना तोंड मिटून गुणगुणायला लावलं. बाकी काही नाही. पाऊण तास नुसता घूं, हळूहळू भरत जाणारा. मी आजवर केलेल्या कामात हे मला सगळ्यात जास्त आवडतं, आणि असं म्हणायला मला लाज वाटत नाही.

पहिला खेळ बेलापुरात होणार असं मी मित्राला बजावलं. तो तयार झाला, पण नगरहून चांगले स्पीकर आणू म्हणाला. नानांच्या कानावर हे गेलं. नेमकं हेच कसं ऐकू आलं कोण जाणे. "गावात दुसऱ्याचा सेट येनार न्हाई," एवढंच म्हणाले आणि मोठे बॉक्स उन्हात काढून पुसायला बसले. हल्ली कर्ण्यांऐवजी बॉक्सच लावतात. संगीत कसलं आहे हे मी त्यांना मुद्दामच सांगितलं नाही. ऐकताना त्यांचा चेहरा कसा होतो ते मला बघायचं होतं.

शाळेच्या मैदानावर, दिवस मावळल्यावर, पांढऱ्या पडद्यासमोर गाव जमलं. काकू सतरंजी घेऊन सगळ्यांच्या पुढे बसल्या होत्या. आवाजाच्या मिक्सरमागे नाना, इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून. सिनेमा सुरू झाला. पहाटेच्या उजेडात डीपी दिसली आणि अगदी खालून, न कळत, घूं सुरू झाला.

मी पडद्याकडे बघतच नव्हते. देवळातली घंटा ज्यांना ऐकू येत नाही त्या नानांनी सगळ्यांच्या आधी मान वर केली. कपाळाला आठ्या पडल्या. त्यांनी एक बटण कमी केलं. घूं कमी झाला, तसा सिनेमाच गप्प झाला. त्यांनी परत वाढवलं. घूं परत आला, आता जास्तच भरून. एक वायर काढली, फुंकली, लावली. बॉक्समागे जाऊन वाकून आले. मी उठून त्यांच्याकडे जाणार एवढ्यात त्यांनी सिनेमा थांबवायला लावला, माईक हातात घेतला आणि सगळ्या गावाला सांगितलं, "मंडळी, जरा थांबा. याला अर्थ न्हाई."

मैदान खदखदून हसलं. मागून कुणीतरी म्हणालं, "नाना, निदान पोरीच्या तोंडावर तरी नगा म्हनू." काकूंनी तर पदर तोंडाला लावला. नानांना यातलं काही ऐकू आलं नाही. ते बादली उचलून शाळेच्या मागे निघूनही गेले.

माझं डोकं फिरलं. आता सांगायला सोपं आहे की मला त्यांचा शब्द कळायला हवा होता. दुकानात वाढलेली मी. पण चार माणसांत आपल्या कामाबद्दल कुणी असं म्हटलं, आणि तेही आपल्या बापाने, की माणूस मराठीचा नेहमीचाच अर्थ घेतो. आवडलं नसेल तर घरी सांगायचं, गावाला माईकवरून कशाला, असं सगळं मनात जुळवत मी पाय आपटत त्यांच्या मागे गेले. मित्र थांब थांब म्हणत होता. त्यालाही मी दोन शब्द सुनावले.

शाळेमागे पाण्याच्या टाकीजवळ नाना उकिडवे बसले होते. सळईभोवती बादलीतलं पाणी ओतत होते आणि एका हाताने मीठ सोडत होते. पांढऱ्या शर्टाच्या बाह्यांवर चिखल उडाला होता. मला पाहून म्हणाले, "तू कशाला आली? जा, बस. आत्ता जातो घूं. तुझ्या कामाला डाग लागू देनार न्हाई मी."

माझा सगळा राग तिथेच बसला. हसू आलं आणि त्यांच्या गळ्यात पडावंसं वाटलं, दोन्ही एकदम. आमच्या घरात गळ्यात पडायची पद्धत नाही, म्हणून मी नुसती त्यांच्यासमोर बसले. त्यांना ऐकू जावं म्हणून तोंडासमोर तोंड नेऊन ओरडून सांगितलं, "नाना, ती खराबी न्हाई. त्ये माझंच म्युझिक हाय."

शाळेच्या भिंतीवरून हे सगळ्या मैदानाला ऐकू गेलं.

नानांनी बादली खाली ठेवली. "म्हंजी घूं तू मुद्दाम घातलाय?"

"व्हय."

"किती येळ?"

"शेवटपर्यंत."

त्यांनी बादलीच्या तळाकडे पाहिलं. "आधी सांगायचं ना, बाई. मीठ वाया गेलं."

परत येऊन त्यांनी माईक घेतला. "मंडळी, सेट चांगला हाय. पोरीनं तसंच केलेलं हाय. गप बसून आयका." गाव पुन्हा हसलं, पण मग खरोखर गप्प बसलं. सिनेमा पहिल्यापासून लागला. काही लोक मधून उठून गेले. पोरांनी थोडा वेळ तोंडाने घूं करून पाहिलं. बायकांना तो कुणाचा फड, ती कुणाची सून यात जास्त रस होता. मी मात्र पुन्हा नानांकडेच बघत होते. त्यांनी दोन्ही हात मांडीवर ठेवले होते, बटणांना शिवत नव्हते, आणि डोळे मिटलेले होते. मला वाटलं झोपलेत. मला वाईट वाटलं. नंतर वाटलं, वय झालंय, दिवसभर बॉक्स ओढलेत, झोपू देत.

सिनेमा संपल्यावर त्यांनी सेट बंद केला आणि घरी आले. मग आम्ही जेवायला बसलो. आईने विचारलं, "कसं वाटलं वो?" त्यावर ते म्हणाले, "वाढ अजून थोडं." तिला वाटलं भाताबद्दल बोलतायत, मलाही तसंच वाटलं. मी विचारलं नाही. एवढा हट्ट करून गावापर्यंत आणलेली गोष्ट अशीच राहून गेली, असं मी मनाशी मान्यही करून टाकलं.

सकाळी मैदानावरचं सामान आवरायला आम्ही दोघंच गेलो. मी वायरी गुंडाळायला घेतल्या. नानांनी माझ्या हातातली वायर काढून घेतली आणि म्हणाले, "र्‍हाऊ दे. त्ये परत लाव."

"आवडलं का?" मी विचारलं. त्यांनी माझ्या ओठांकडे पाहिलं. मी पुन्हा विचारलं.

"आवडायचं मागनं बगू," नाना म्हणाले. "मला त्ये आयकू येतंय."

मला नीट कळलं नाही. तेव्हा ते बॉक्सवरची धूळ हाताने झटकत, माझ्याकडे न बघता बोलायला लागले. "तुमी समदे बोलता त्ये आताशा मला निम्मं बी कळत न्हाई. तोंडाकडं बगून मान हलवितो. तुझी आई दिवसभर काय बोलती, द्येव जाने. टीव्हीवर बाया नुसती तोंडं हलवित्यात. तुझं नाव आलं का आई बोट दाखविती, तवा कळतं का म्युझिक तुझं हुतं. तिला सांगू नको. काल मातर पयल्यापून शेवटापत्तुर आयकू आलं. कुठंच तुटलं न्हाई. लई दिसांनी असं झालं."

डॉक्टरांचं बोलणं ऐकून मी नानांपासून काय काय गेलं ते मोजत बसले होते. काय राहिलं ते मी एकदाही मोजलं नव्हतं. खालचे आवाज राहिले होते. जन्मभर ज्याला हाकलून लावायला माणूस जेवत्या ताटावरून उठला, तो घूं तेवढा त्यांच्याजवळ शाबूत राहिला होता. आणि घरात, आमच्या सगळ्यांच्या बडबडीत, ते किती दिवस असे एकटे बसून मान हलवत होते, हे आमच्यापैकी एकालाही कळलेलं नव्हतं.

मी लॅपटॉप उघडला. नानांनी प्लास्टिकची खुर्ची ओढून थेट बॉक्ससमोर ठेवली, माझ्याकडे पाठ करून बसले आणि पुढे वाकून बॉक्सच्या लाकडावर तळहात टेकला. मी सुरू केलं. रिकाम्या मैदानावर घूं खालून भरत आला. त्यांची मान हळूहळू त्याच्याबरोबर खाली गेली.

मला रडू आलं. आधी तोंडावर हात दाबून धरला, मग धरला नाही. हुंदके देऊन, चांगली मोठ्याने रडले, त्यांच्या पाठीशी उभी राहून. रस्त्याने डेअरीवर दूध घालायला निघालेली एक बाई थांबून माझ्याकडे बघून गेली. नानांनी मागे वळून पाहिलं नाही. थोड्या वेळाने त्यांनी नुसता एक हात वर केला आणि आवाज अजून जरा वाढव अशी खूण केली. मी वाढवला.